बासष्टी परिक्रमा : तळखाजणातले आठ दिवस

तळखाजणाची, म्हणजे ओहोटीला उघड्या पडणाऱ्या समुद्रतळाची, परिक्रमा पौर्णिमेलाच का धरायची आणि आठव्या दिवशी भर दुपारीच का सोडायची, हे वळणकाठला, जिथून निघायचं त्या किनाऱ्यावर, पोचेपर्यंत कुणी नीट सांगत नाही. हे आधी ठाऊक असेल तर वाटेतल्या निम्म्या गोष्टी आपोआप उलगडतात. म्हणून प्रवासाआधी तेवढं सांगून टाकते.

सूर्याचा दिवस ६० घटकांचा. घटका म्हणजे आपली २४ मिनिटं. पाण्याचा दिवस मात्र ६२ घटकांचा, कारण भरती ते भरती ३१ घटका जातात आणि पाण्याच्या एका दिवसात भरत्या दोन. त्यामुळे भरती-ओहोटी रोज दोन घटका मागे पडत जाते. बासष्टी दर्शन उभं आहे ते या दोन घटकांवर. तळखाजणातले लोक त्यांना ‘वरकड’ म्हणतात. त्यांचा सगळा विचार एका प्रश्नात मावतो : साठ सूर्याच्या, बासष्ट पाण्याच्या, मग मधल्या दोन कुणाच्या? या पंथाला मूर्ती नाही आणि दीक्षाही नाही. पाण्याचं वेळापत्रक आहे, ते अंगात मुरेपर्यंत चालायचं आणि रोजच्या वरकड घटकांत गप्प बसायचं.

हिशेबाच्या पक्क्या लोकांसाठी एक गोष्ट : पाण्याचा दिवस ६२ घटकांहून किंचित मोठा आहे. थारकरी, म्हणजे वाटेवरच्या थाऱ्यांवर (मुक्कामाच्या उंचवट्यांवर) राहणारे लोक, दर दहा दिवसांनी एक घटका वाढवून हा फरक मिटवतात. आठ दिवसांच्या परिक्रमेत त्याची गरज पडत नाही.

खालच्या वेळा आपल्या घड्याळाच्या दिल्या आहेत. तिथे घड्याळ नाही आणि चालतही नाही.

दिवस पहिला : पौर्णिमा, वळणकाठ

चतुर्दशीच्या रात्रीच मुक्कामाला पोचावं, कारण मोजणी पौर्णिमेच्या पहाटे सुरू होते. या किनाऱ्यावर चंद्र क्षितिजाला टेकतो आणि ओहोटीचं पाणी वळतं, या दोन गोष्टी एकाच वेळी होतात. त्या पहाटे ६ वाजता चंद्र टेकला, किनाऱ्यावर थाळी वाजली आणि आमचं घटिपात्र पाण्यावर सोडलं.

घटिपात्र म्हणजे तांब्याची पातळ वाटी, तळाला केसाएवढं भोक. मोठ्या मडक्यातल्या पाण्यावर ती सोडली की हळूहळू भरते आणि बरोबर एका घटकेत बुडते. बुडाली की काढायची, रिकामी करून पुन्हा सोडायची आणि दोरीतली एक शिंपली पलीकडे सरकवायची. दोरीत ६० शिंपल्या. रात्रंदिवस कुणीतरी जागं हवं, त्यामुळे चार माणसांहून कमी गट नेऊ नये. चौघांत १५-१५ घटकांची पाळी येते, म्हणजे सहा-सहा तास. तिघांत ती २० घटकांची होते आणि पहाटेचा माणूस डुलक्या घेतो. एक वाटी बुडालेली कळली नाही तरी पुढची सगळी मोजणी वाया.

दुपारी बाराला सगळे काठावर जमतात ते दुपारधोंडा बघायला. बघायला म्हणजे न दिसणारा धोंडा बघायला. काठापासून अर्ध्या कोसावर सहा हात उंचीचा काळा खडक आहे आणि त्या दुपारी उधाणाच्या भरतीत त्याच्या माथ्यावर वीतभर पाणी असतं. पाण्याचा रंग तेवढ्यापुरता गडद दिसतो, बाकी खूण नाही. १२ वाजून १० मिनिटांनी भरती पुरी झाली. इथे प्रत्येकाने धोंड्याची जागा डोळ्यांत भरून घ्यायची असते.

नवखे लोक इथे एक शंका हमखास काढतात. हाच धोंडा पहाटे कोरडा होता, संध्याकाळी पुन्हा होणार, मग त्याला कोरडा बघायला आठ दिवस कशाला? त्यावर वळणकाठचे लोक म्हणतात, ‘दुपारी कोरडा दाखव.’ तेव्हा हे उत्तर कोरडं वाटतं. आठव्या दिवशी तसं वाटत नाही.

काठाच्या शेवटच्या विहिरीजवळ एक आजी चालणाऱ्यांना काठ्या देते. तिने स्वतःचं नाव सांगितलं आणि लगेच जोडलं, ‘हे भरतीचं.’ खाजणातल्या प्रत्येक माणसाला दोन नावं असतात, एक पाणी चढत असतानाचं, दुसरं उतरत असतानाचं. चुकीच्या वेळी चुकीचं नाव घेतलं तर ती माणसं रागावत नाहीत, पण वळूनही बघत नाहीत. त्यांच्या लेखी त्या नावाचं माणूस त्या वेळी तिथे नसतं. परक्यांनी सरळ आजी, काका, ताई म्हणावं. नात्याचं नाव दोन्ही पाण्यांत चालतं.

निघण्याआधी सामान असं तपासावं :

काठी माणसाच्या उंचीहून हातभर लांब हवी, खालच्या टोकाला लाकडी चकती असलेली. टोकदार काठी चिखलात शिरते आणि आधाराऐवजी ओझं होते. माणशी चार शेर गोडं पाणी. थाऱ्यांवर पावसाच्या पाण्याची टाकी असते, पण ती थारकऱ्यांना वर्षभर पुरवायची असते, तिच्यावर डोळा ठेवू नये. पायांत घट्ट बांधता येणारं, पातळ तळव्याचं काहीतरी हवंच, कारण कालवांच्या कडा सुरीसारख्या कापतात आणि खाऱ्या पाण्यात जखम भरत नाही. चालताना घटिपात्र चालत नाही, म्हणून एका घटकेची वाळूघडी गळ्यात. तिच्यात वाळू नको, अंड्याच्या कवचाची वस्त्रगाळ भुकटी हवी. वाळू दमट हवेत धरते आणि मध्येच अडते. शेवटी दिवा, त्याच्याबद्दल पुढे.

दिवस दुसरा : वद्य प्रतिपदा, पहिला थारा

पहिला टप्पा सगळ्यात लांब, दोन कोसांचा, आणि थेट खाजणाच्या बाहेरच्या कडेला नेणारा. याचं कारण साधं आहे. पौर्णिमेच्या आसपास उधाण असतं, पाणी दहा हात चढतं आणि दहा हात उतरतं, त्यामुळे दूरचा तळ उघडा पडतो. अष्टमीला भांग असतो, पाणी जेमतेम चार हात खालीवर होतं आणि बाहेरचा तळ दिवसभर झाकलेलाच राहतो. म्हणून दूरचे थारे आधी, काठाजवळचे नंतर. उलटी परिक्रमा करायची हौस असलेल्यांना थारकरी परत पाठवतात, ते यामुळे.

पाणी वळायच्या तीन तास आधी, ३.४० ला निघालो. चंद्र समोर, पश्चिमेला उतरत आलेला, आणि पायांखालचा सगळा तळ चांदीच्या पत्र्यासारखा. वारा नव्हता. फक्त उघड्या पडलेल्या चिखलाचा चुरचुर आवाज येत असतो. लाखो बारीक बिळांतून हवा सुटते त्याचा तो आवाज. सुरुवातीला पाऊस पडतोय असं वाटतं.

उधाणात चालताना एक हिशेब पाठ असावा. उतरायला लागणाऱ्या सहा तासांचे सहा हिस्से केले, तर पहिल्या हिश्श्यात पाणी एकूण उताराच्या बाराव्या भागाइतकं उतरतं, मग दोन, तीन, तीन, दोन आणि शेवटी पुन्हा एक भाग. चढतानाही तसंच. म्हणजे मधल्या दोन तासांत निम्मं पाणी हलतं, उधाणाला तासाला अडीच हात. पाणी वळल्यावर पहिला तासभर काहीच होत नाहीसं वाटतं आणि माणूस गाफील राहतो. तिसऱ्या तासाला ते गल्ल्यांमधून, म्हणजे तळातल्या खोलगट पाणवाटांमधून येतं, आणि येतं ते पाठीमागून. समोरचा तळ कोरडा दिसत असतो, पण काठाकडची गल्ली भरून परतीची वाट तुटलेली असते. गल्लीत गुडघ्यावर पाणी असेल तर ओलांडू नये, मागच्या थाऱ्यावर परतावं आणि पुढच्या पौर्णिमेची वाट बघावी. महिना गेला तरी चालेल.

पहिला थारा म्हणजे शिंपल्यांचा आणि दगडांचा रचलेला उंचवटा, वर चार खोल्या, एक टाकी, एक थाळी. ५.४० ला पोचलो, म्हणजे वाळूघडी पाच वेळा उलटवून. सहाला साठावी शिंपली सरकली. सूर्याचा दिवस भरला होता, चंद्र मात्र क्षितिजाच्या चार-पाच बोटं वरच होता. इथून तो टेकेपर्यंतचा वेळ वरकड. सुरुवात मोजून कळते, शेवट डोळ्यांना दिसतो.

आता दिवा. पितळेची उभट कुपी असते, आतल्या बाजूला कोरलेल्या आडव्या रेघा. तिळाचं तेल, आठ पदरी वात. एरवी लावला तर तेल दोन घटकांत एक रेघ उतरतं, हे आदल्या रात्री दोनदा तपासून घ्यायचं. साठावी घटका भरली की तेल बरोबर रेघेवर आणायचं आणि दिवा लावायचा. मग बसायचं. डोळे मिटायची सक्ती नाही, श्वासाचा काही विधी नाही, मंत्र नाही. दिव्याकडे बघितलं तरी चालतं.

ज्योत हलत होती, वातीच्या टोकाला काजळी धरत होती, कुपी हाताला ऊन लागत होती, म्हणजे जळण्याची सगळी लक्षणं होती. ४० मिनिटांनी चंद्र टेकला, थाळी वाजली, आणि तेल रेघेवरच होतं. तेलाच्या कडेची ती बारीक चकाकती किनार रेघेला जशी चिकटली होती तशीच. थाळीचा नाद विरायच्या आत ती रेघेपासून सुटली आणि नेहमीसारखी खाली यायला लागली.

तळखाजणातला चमत्कार एवढाच आहे आणि तो एवढाच असणं फार मोलाचं आहे. वरकड घटकांत काही मिळत नाही, दिसत नाही, ऐकू येत नाही. फक्त काही खर्च होत नाही.

दिवस तिसरा : द्वितीया, दुसरा थारा

दीड कोस, कडेकडेने. पहाटे ४.२० ला निघून बैठक ६.४० ते ७.२०. वाट सोपी, वाळू घट्ट.

या थाऱ्यावरचं लिखाण बघण्यासारखं आहे. बासष्टी वचनं कागदावर उतरवायची नाहीत असा दंडक आहे. थारकरी ती काठीने ओल्या तळावर लिहितो, रोज एक, पाणी वळायच्या सुमाराला. बाहेरच्या थाऱ्यांवर अक्षरं तीन तासही टिकत नाहीत. काठाजवळच्या शेवटच्या थाऱ्यावर, उंच तळावर लिहिलेलं मात्र भांगाच्या दिवसांत पाणी पोचतच नसल्याने आठ-दहा दिवस तसंच राहतं. त्यामुळे जी वचनं वाचताक्षणी कळावीत ती बाहेर लिहितात आणि ज्यांच्यापाशी बसून राहावं लागतं ती आत. त्या दिवशीचं वचन होतं : ‘मोजलं ते गेलं.’ लिहून झाल्यावर थारकरी काका आपल्याच अक्षरांवरून चालत परत आले.

दिवस चौथा : तृतीया, तिसरा थारा

या दिवशी दिव्यातलं तेल उतरलं. एका रेघेच्या तिसऱ्या भागाहून किंचित जास्त.

पहिली शंका वाऱ्यावर आणि वातीवर आली, पण दोन्ही ठीक होतं. थारकरी ताईंनी तेलाकडे एकदा बघितलं आणि सरळ घटिपात्र मागितलं. त्यांचं पात्र आणि आमचं पात्र एकाच मडक्यात एकाच वेळी सोडलं. आमचं पाऊण पळ आधी बुडालं. पाऊण पळ म्हणजे १८ सेकंद, कुणाच्या लक्षातही येणार नाही एवढं. पण ६० वाट्यांत त्याची ४५ पळं होतात, म्हणजे पाऊण घटका. साठावी शिंपली आम्ही १८ मिनिटं लवकर सरकवली होती आणि तेवढा वेळ साध्या काळात बसलो होतो. साध्या काळात दिवा तेल पितो.

पात्र जलद का झालं, तर आदल्या दिवशी भोकात मिठाचा कण बसला होता आणि तो लोखंडी सुईने काढला होता. तांबं मऊ, सुईने भोक नकळत रुंदावलं. भोक साफ करायचं ते घोड्याच्या शेपटीच्या केसाने किंवा गवताच्या काडीने, धातूने कधीच नाही. ताईंनी वाटी लाकडावर पालथी घालून भोकाच्या कडेला बोथट खिळ्याने पाच-सहा हलके ठोके दिले, भोक जवळजवळ मिटवलं, मग काडीने उघडत नेलं. प्रत्येक वेळी आपल्या पात्राशी ताडून. हे काम दुपारभर चाललं. एका वेळी एकच ठोका, मग एक पूर्ण घटका थांबून बघायचं. घाई करायला वावच नाही.

उलटा दोषही होतो. क्षार साचून भोक बारीक झालं की वाटी उशिरा बुडते, मोजणी मागे पडते आणि वरकड घटकांतला सुरुवातीचा वेळ हातचा जातो. तेल तेव्हा उतरत नाही, म्हणून हा दोष लक्षातच येत नाही. तसाच परिणाम गार पाण्याचा. गार पाणी दाट होतं, भोकातून सावकाश शिरतं. रात्री मडक्याला गोणपाट गुंडाळायचं ते त्यासाठी. आणि मडक्यात खाजणाचं पाणी कधीही घालू नये, गाळलेलं गोडंच हवं.

त्यांच्या पात्रावर मोजून पुढे का जाऊ नये, असं विचारल्यावर ताई म्हणाल्या, ‘उसनी घटका चालत नाही. तुमची चूकही तुमचीच असू दे.’ हे त्या अगदी मायेने म्हणाल्या.

दिवस पाचवा : चतुर्थी, चौथा थारा

एक कोसाचा टप्पा, पण दाट धुकं. निघायची वेळ ५.५५, आणि हात लांब केला तर पंजा दिसेना.

धुक्यात वाट वळ्यांवरून ओळखतात. पाणी उतरताना वाळूवर ज्या लहान लहान लाटा उमटवून जातं त्यांना वळी म्हणतात. बोटांनी चाचपून बघितलं तर वळीची एक बाजू लांब आणि सपाट उताराची असते, दुसरी आखूड आणि उभी. उभी बाजू पाणी गेलं त्या दिशेला, म्हणजे समुद्राकडे. काठ हवा असेल तर उभ्या बाजूकडे पाठ करायची. पाच-दहा पावलांवर पुन्हा वाकून बघायचं, कारण गल्लीजवळ वळ्या गल्लीकडे वळतात आणि माणसालाही तिकडे वळवतात. दोन्ही बाजू सारख्या असलेली वळी दिसली तर ती प्रवाहाने पडलेली नाही, उथळ पाण्यातल्या लाटांच्या डोलण्याने पडली आहे. तिच्यावर दिशेचा भरवसा ठेवू नये.

थाऱ्यावर पोचल्यावर थारकरी बाबांनी हीच वळी दर्शनात आणली. मूठभर वाळू घेतली, म्हणाले, यात वळी दाखव. ओंजळभर पाणी घेतलं, यात दाखव. दोन्हींत नाही. वळी वाळूची नाही, पाण्याची नाही, दोघं एकमेकांना लागून गेल्याची ती खूण आहे. मग विचारलं, ‘सूर्याच्या मोजणीत तू आहेस, पाण्याच्या मोजणीतही तू आहेस. तू एकच असशील तर आकडे दोन कसे?’

उत्तर द्यायची अपेक्षा नसते. धुकं होतं, चंद्र दिसत नव्हता, म्हणून त्या दिवशी पाणी वळल्याची खूण काडीवरून घेतली. थाऱ्याखालच्या गल्लीत गवताची काडी सोडायची. ती समुद्राकडे जाता जाता मंदावते आणि एका जागी थांबते. काडी थांबेपर्यंत ५० मिनिटं बसणं झालं. तेल रेघेवर.

दिवस सहावा : पंचमी, पाचवा थारा

हा थारा मोठा, तिवरांच्या राईला लागून. बैठक ८.५५ ते ९.४५. खाणंही इथे सगळ्यात चांगलं. खाऱ्या चिखलात उगवणारी मांसल पानांची भाजी तीन वेळा उकळून, तिन्ही पाणी फेकून, मग लसणावर परततात. दोनच पाणी फेकलं तर जीभ सोलवटते. वरून मीठ घालायचं नाही, तरीही किंचित खारट लागते. सोबत भाताची घट्ट पेज आणि तिवराच्या फुलांचा पातळ, काळसर मध. तो बाटलीत भरून नेऊ नये, त्यात पाणी जास्त असल्याने आठवड्यात आंबतो. तिथेच खावा.

इथे दोन थारकरी राहतात, सख्खे भाऊ, आणि वरकड घटकांबद्दल दोघांची मतं कायम वेगळी. थोरल्यांचा पक्ष राखीवाचा : या दोन घटका पाणी माणसासाठी राखून ठेवतं, म्हणून त्यांत तेल जळत नाही, वयही वाढत नाही. धाकट्यांचा पक्ष रिक्ताचा : त्या कुणाच्याच नाहीत, आणि ‘मी’ म्हणून जे काही आहे ते दोन मोजण्यांमधला फरक आहे, त्यापलीकडे काही नाही. राखीवाचे लोक बैठकीतून उठताना पाण्याला हात जोडतात. रिक्ताचे लोक नुसते उठतात. दोघांचं जेवण मात्र एकाच ताटात वाढलेलं.

धाकट्यांचा मुद्दा जास्त पटण्यासारखा वाटतो, कारण तो महिन्याच्या हिशेबालाही लागू पडतो. रोजच्या दोन घटका तीस दिवस साठवल्या की ६० होतात, म्हणजे अख्खा एक दिवस. सूर्याचे तीस दिवस होतात तेव्हा पाण्याचे एकोणतीसच झालेले असतात. राखीवाचं खरं असेल तर तो तिसावा दिवस कुठेतरी ठेवलेला असायला हवा. थोरल्यांना हे विचारलं तर ते हसून भाजी वाढतात.

एक सूचना : बैठकीची लांबी आता वाढत जाते याची तयारी ठेवावी. ओहोटी रोज सरासरी दोन घटका मागे पडते हे खरं, पण सरासरीच. पौर्णिमेजवळ हा उशीर ४० मिनिटांचा असतो, अष्टमी जवळ आली की तासाच्या वर जातो. गुरूने साधना वाढवायची वेगळी रीत इथे नाही. ती पाणी वाढवतं.

दिवस सातवा : षष्ठी, सहावा थारा

अंतर पाऊण कोस, पण वाटेत रुतणारा चिखल. पाय गुडघ्यापर्यंत गेला तर जोर लावून उपसू नये. पायाखाली हवा शिरायला जागा नसल्याने जितकं ओढावं तितका चिखल धरून ठेवतो, आणि दुसरा पाय आणखी खोल जातो. काठी आडवी टाकावी, तिच्यावर बसकण मारल्यासारखं मागे रेलावं, अंगाचा भार पसरू द्यावा आणि रुतलेला पाय लहान लहान हालवत राहावं. कडेने पाणी झिरपलं की पकड सुटते. पंधरा-वीस मिनिटंही लागतात, लागू द्यावीत.

बैठक ९.४५ ते १०.४५, पूर्ण तासभर. इथल्या उंच तळावर लिहिलेलं वचन पाच दिवसांचं जुनं होतं, अक्षरांच्या कडांवर मिठाचे कण धरलेले : ‘काठ कुठे आहे ते पाण्याला विचार, दोनदा.’

दिवस आठवा : सप्तमी, दुपारधोंडा

घाईचं कारण नव्हतं. भांगाच्या दिवसांत धोंड्याचा पाया ओहोटीच्या जेमतेम सव्वा तास आधी उघडा पडतो, म्हणून १० च्या सुमाराला निघायचं. शेवटची पावलं घोटाभर पाण्यातून. अर्धा चंद्र पश्चिमेला, दिवसाउजेडी फिकट, खाली खाली येत असलेला.

१०.४५ ला साठावी शिंपली. ऊन डोक्यावर चढत होतं, ज्योत उन्हात दिसत नव्हती, तेलाची किनार तेवढी दिसत होती. ६५ मिनिटं. ११.५० ला चंद्र टेकला. तेल रेघेवर.

सातही बैठका जोडल्या की ३५० मिनिटं होतात, साडेचौदा घटकांहून थोडं जास्त. आणि पहिल्या दिवसापासून पाणी नेमकं तेवढंच सरकलेलं असतं. पहिल्या दुपारी धोंड्याच्या माथ्यावर वीतभर पाणी होतं, या दुपारी त्याच्या पायाशी कोरडी वाळू आहे, आणि दोन दुपारींमधला फरक म्हणजे बसून काढलेल्या वरकड घटकांची बेरीज. हे वळणकाठला कुणी सांगितलं असतं तर आकडा म्हणून ऐकलं गेलं असतं. धोंड्याला हात लावून, डोक्यापेक्षा उंच असलेली त्याची शेवाळाची रेघ बघताना ते आकडा राहत नाही.

हिशेब पुरता जुळत नाही, हेही नोंदवायला हवं. भरती १२ वाजून १० मिनिटांची होती, ओहोटी ११.५० ची. वीस मिनिटं कमी पडतात. राखीवाचे लोक म्हणतात, तेवढं पाण्याकडे राहिलं. रिक्ताचे लोक यावर काही म्हणत नाहीत.

धोंड्यापाशी सव्वा तास मिळतो, त्याहून जास्त थांबू नये. भांगाची भरती हळू येते, पण पाया आधी वेढते. दिवा तिथेच विझवून उरलेलं तेल परत बाटलीत घ्यावं, खाजणात ओतू नये. मडक्यातलं पाणी मात्र धोंड्याच्या पायाशी ओततात आणि शिंपल्यांची दोरी सोडून शिंपल्या विखरून टाकतात. पुढच्या वेळी नव्या ओवायच्या.

काठावर आलो तेव्हा बारा वाजून गेले होते, पण काठाजवळच्या गल्लीतलं पाणी मागाहून वळतं, ते अजून बाहेरच जात होतं. ऊन पहिल्या दिवशी होतं तिथेच, डोक्यावर. आजी विहिरीजवळ बसली होती. गटातल्या एकाने तिला हाक मारली, त्या दुपारी तिने सांगितलेल्या नावाने. ती काठ्या पुसत राहिली. ‘आजी,’ म्हटल्यावर मान वर केली आणि काठ्या मोजून घेतल्या. चार.